लुमिंगचा चेहरा

“आलिंग इदांग, ही बाई रडतेय की हिला शिंक येतेय?”

चारिंगने चित्रपटाची ओली फीत उन्हात धरली होती आणि नाक असं काही वाकडं केलं होतं की शिंक तिलाच येणार असं वाटावं. इदांगने कोपरापर्यंत भिजलेले हात झग्याला पुसले, फीत घेतली आणि सुईत दोरा ओवताना धरतात तशी डोळ्यांच्या अगदी जवळ आणली.

“शिंक,” ती म्हणाली. “रडणारी बाई खांदे वर घेत नाही, खाली सोडते.”

“मोठ्या आल्या जाणत्या!”

“मग? नऊ चित्रपटांत रडलेय मी. उगीच नाही.”

पिपाण्यांना रंगीत कागद चिकटवत भिंतीशी बसलेल्या बायका खो खो हसल्या. त्या रोजच हसत. इदांग, त्यांची आलिंग म्हणजे मावशी, बावन्न वर्षांची, काळीसावळी, सोड्याच्या पाण्याने बोटांची सालं निघालेली बाई. ती एके काळी पडद्यावरची नटी होती, हे ऐकून कोण हसणार नाही?

मनिलाच्या तोंदो वस्तीतल्या खाडीकाठचं ते अंगण सिक्स्तो मालकाचं. वर्षाच्या शेवटच्या दिवशी अख्खं मनिला गाल फुगवफुगवून पिपाण्या वाजवतं, आणि त्यातल्या निम्म्या तरी या अंगणातून जात. पिपाणीचं अंग पुठ्ठ्याचं, पण तिची जीभ आणि तिच्या गळ्यातला लाल-हिरवा पट्टा जुन्या चित्रपटांच्या फितीचा. मालक ही रिळं पोत्यांनी आणायचा. बंद पडलेली थिएटरं, दिवाळं निघालेल्या कंपन्या, जपान्यांच्या लढाईतून कशीबशी वाचलेली गोदामं, कुठून कुठून! मग फीत हातभर-हातभर कापायची, सोड्याच्या कोमट पाण्यात भिजवायची आणि नारळाच्या काथ्याने घासायची. सगळी चित्रं काळ्या चिखलासारखी सुटून तळाशी बसली की फीत काचेसारखी लख्ख होई आणि तिच्यावर रंग चढे. दोन तास तलवार गाजवणाऱ्या नायकाच्या हजारभर पिपाण्या व्हायच्या. चुंबनाच्या प्रसंगाच्याही तेवढ्याच!

घासायचं काम चारिंगचं आणि इदांगचं. पण इदांगचा एक नेम होता. फितीचा प्रत्येक तुकडा टबात पडण्याआधी ती सूर्यासमोर धरून बघायची. प्रत्येक म्हणजे अगदी प्रत्येक.

“आलिंग, तुम्ही फिती धुता की वाचता?” मालक रोज एकदा तरी ओरडायचा.

“बघतेय नुसतं, मालक.”

“असंच बघत बसा. पोरं नव्या वर्षाच्या पिपाण्या ईस्टरला वाजवतील.”

“मग येशू उठेल तेव्हा त्याच्या स्वागताला वाजवतील. चांगलंच की!”

मालक वैतागून आत जायचा. माणूस वाईट नव्हता. आधी घड्याळं दुरुस्त करायचा, लढाईत दुकान गेलं, आणि आता पिपाण्या. तिसऱ्या वर्षीही त्याने इदांगला काढलं नव्हतं, यातच सगळं आलं.

चारिंग मात्र या वर्षी नवीन. पंचवीस वर्षांची, तोंडाने फटकळ, दर रविवारी सिनेमा बघणारी. दुपारी सुकट आणि भात खाताना तिने इदांगला गाठलंच.

“खरंच नटी होता? मग एखादं वाक्य म्हणून दाखवा की चित्रपटातलं.”

“मुके चित्रपट होते गं. वाक्य कुठलं आणायचं?”

“बरी सोय आहे! असं तर मीपण म्हणेन, मी नटी होते म्हणून.”

इदांग हसली. तिने सुकटीचं शेपूट बाजूला काढलं, बोटं चाटली, आणि काही न बोलता चारिंगकडे बघितलं. नुसतं बघितलं हं! मग खांदे हळूहळू खाली सोडले. हनुवटी थरथरली नाही की काही नाही. फक्त पापण्या जड झाल्या, आणि चारिंगच्या घशात भात अडकला.

“पुरे, पुरे!” चारिंग ओरडली. “मला कसंतरीच होतंय. कोण मेलंय?”

“कुणी नाही. हे तिसऱ्या चित्रपटातलं. नवरा बोटीवर चढतो तेव्हाचं.”

ब्रिहिदा सुमिलांग हे तिचं पडद्यावरचं नाव. बुलाकानच्या एका गावात तिचा बाप बँडमध्ये क्लॅरिनेट वाजवायचा. चौदाव्या वर्षी गाण्याबजावण्याच्या नाटकांची एक मंडळी गावात आली आणि जाताना तिला घेऊन गेली. आधी घोळक्यात उभं राहायचं, मग मोलकरीण, मग नायिकेची बहीण. विसाव्या वर्षी डॉन अन्सेल्मो नावाच्या हौशी श्रीमंत माणसाने मनिलात काचेच्या छपराचा स्टुडिओ बांधला आणि तिला म्हणाला, “पोरी, तू रडतेस छान. माझ्याकडे रड.” ती रडली. सात चित्रपटांत तिला पुरुषांनी टाकलं आणि दोन चित्रपटांत ती बुडून मेली. नायिका ती एकदाही नव्हती. नायिकेला गोरं नाक लागे. पण कियापोच्या बाजारात भाजीवाल्या तिच्या टोपलीत फुकट वांगी टाकायच्या आणि म्हणायच्या, “सोड त्या मेल्याला, बाई. तुला दहा मिळतील.”

मग चित्रपट बोलू लागले. तिची परीक्षा घेतली. नवीन यंत्राजवळचा माणूस कानावरचं काढून म्हणाला, “हिचं रडणं यंत्रात रेड्याच्या हंबरण्यासारखं येतंय.” सगळे हसले. तीही हसली. त्यानंतर तिने दुसऱ्यांचे झगे शिवले, गर्दीच्या प्रसंगात मेणबत्ती धरून चालली, आणि मग लढाई आली.

“एवढं सगळं करून तुम्ही या टबात स्वतःला शोधताय होय?” चारिंगने विचारलं. या वेळी तिचा आवाज हसरा नव्हता.

“मला कशाला शोधू? मी रोज आरशात असते.” इदांगने ताटली पालथी घातली. “लुमिंगला शोधतेय.”

लुमिंग म्हणजे इल्युमिनादा, तिची लेक. पोरीचा बाप थिएटरात पडद्याखाली बसून व्हायोलिन वाजवायचा. तो दक्षिणेच्या बेटांवर कामाला म्हणून गेला आणि तिकडचाच झाला. नवव्या चित्रपटात इदांगच्या कडेवर एक मूल हवं होतं, आणि ती आपली अडीच वर्षांची लुमिंगच घेऊन गेली. त्याच पावसाळ्यात लुमिंग घटसर्पाने गेली. तीन दिवसांत.

तेव्हाच्या रीतीप्रमाणे छायाचित्रवाला येऊन शवपेटीतल्या लुमिंगचा फोटो काढून गेला. भोवती कागदी फुलं, डोळे मिटलेले. तो एकच फोटो. तो पाको भागातल्या घराबरोबर लढाईत जळला.

“मग तो चित्रपट लागला तेव्हा बघितला नाहीत?”

“सुतकात होते ना. वर्षभर काळे कपडे, गाणं नाही, खेळ नाही, तमाशा नाही. डॉन अन्सेल्मोंनी तिकिटं पाठवली होती. आईनं ती देव्हाऱ्यात ठेवली. म्हणाली, पोरीची माती ओली आहे आणि तू थिएटरात जाऊन बसणार? शेजारणी बघून आल्या. माझे हात धरून म्हणाल्या, काय दिसलीय लुमिंग, आत्ता पडद्यातून उतरेल आणि चालायला लागेल.” इदांगने मांडीवरचं शीत उचलून टाकलं. “वर्ष पुरं झालं त्या दिवशी काळे कपडे उतरवले आणि तशीच धावत गेले. चित्रपट केव्हाच दुसऱ्या बेटांवर गेला होता. कुणी म्हणालं, बोटीबरोबर बुडाला. कुणी म्हणालं, जळला. कुणी म्हणालं, बातांगासमध्ये एका थिएटरवाल्याकडे पडून आहे.”

चारिंगने ताटलीतला भात तसाच बाजूला ठेवला.

“मला तिचं सगळं आठवतं गं,” इदांग म्हणाली. “वजन आठवतं. डोक्याला खोबरेल लावायचे त्याचा वास आठवतो. पुढचा एक दात अर्धा आला होता, तो खांद्याला चावायची तेव्हा कसा टोचायचा ते आठवतं. चेहरा गेला. आधी डोळे गेले, मग नाक. आता आठवायला बसले की रस्त्यावरच्या कुठल्यातरी पोरीचं तोंड येऊन बसतं. एकदा बघायचाय. एकदा बघितला की मग धुवा खुशाल.”

त्या दिवसापासून चारिंगची टवाळी थांबली नाही (ती कशी थांबेल?), पण फितीचा तुकडा टबात टाकण्याआधी आता तीही सूर्यासमोर धरू लागली.

डिसेंबरच्या सोळा तारखेपासून चर्चमध्ये रोज एक अशा पहाटेच्या नऊ प्रार्थना असतात. एकही न चुकवता नऊ पुऱ्या केल्या तर मागितलेलं मिळतं असं सगळेच मानतात. वयात आलेल्या मुली नवरा मागतात, म्हाताऱ्या गुडघे मागतात. इदांग या वर्षीही जात होती. काय मागते हे विचारायची कुणाला गरज नव्हती.

चोवीस तारखेला नववी प्रार्थना झाली. चर्चबाहेर तिने चारिंगसाठी केळीच्या पानावरची गरम बिबिंगका, तांदळाची गोड भाकरी, घेतली आणि अंगणात आली. ऊन वर आलं होतं. दोरीवर तीस-चाळीस धुतलेल्या फिती लखलख हलत होत्या, आणि चारिंग टबावर वाकून घामाघूम झाली होती.

“बघा!” ती मोठ्या आनंदाने म्हणाली. “आज नाताळची रात्र, लवकर घरी जा म्हणून तुमचं निम्मं काम मी उरकलं. काल संध्याकाळी नवीन पोतं आलं. मालकाची घाई चाललीय नुसती.”

“बघून टाकलंस ना?”

“सुरुवातीचं बघितलं. नुसती झाडं आणि बोटी होत्या हो. मग म्हटलं, झाडं काय बघायची...”

इदांगने बिबिंगका पायरीवर ठेवली. पोत्याशेजारी एक गंजलेला डबा उघडा पडला होता आणि त्यात रिळाचा उरलेला भाग, ताटलीएवढा. तिने टोक उचलून उन्हात धरलं. बांबूचा जिना. जिन्यावर मिशीवाला एक माणूस. एका चौकटीत मिशी नाकाखाली, पुढच्या चार-पाच चौकटींनंतर मिशीची डावी बाजू सुटून लोंबतेय.

“फाउस्तो,” ती म्हणाली.

“कोण?”

“फाउस्तोची मिशी पडली होती. तरी डॉन अन्सेल्मोंनी तसंच घेतलं, ऊन जाईल म्हणून.” आणि मग ती किंचाळलीच. “थांब! चारिंग, थांब! हात काढ!”

तिने दोन्ही हात खांद्यापर्यंत टबात खुपसले. सोडा सालं निघालेल्या बोटांना झोंबला असेल, पण तिने तोंडातून हूं की चूं केलं नाही. हाताला आले तेवढे तुकडे बाहेर काढले. सगळे कोरे. तिच्या मनगटावरून काळं पाणी ओघळत होतं. दोरीवरच्या फिती वाऱ्याने एकमेकींवर टकटक आपटत होत्या.

चारिंग टबापासून मागे सरली. “आलिंग... बातांगासचं होतं का हो हे पोतं?”

आतून मालक आला, त्याने डब्याकडे पाहिलं, इदांगच्या हातांकडे पाहिलं, आणि पहिल्यांदाच ओरडला नाही. “बातांगासचंच,” तो हळूच म्हणाला. “बंद पडलेल्या थिएटरचं.”

“अजून आहे की,” इदांग म्हणाली. तिचा आवाज एकदम कोवळा झाला होता. “अजून ताटलीभर आहे. फाउस्तो जिन्यावर आला म्हणजे पुढचा प्रसंग आमचाच. चारिंग, तुझे डोळे चांगले. तू बघ. मला आत्ता नीट दिसायचं नाही. एकेक चौकट सांग मला.”

चारिंगने डोळे पुसले, रीळ मांडीवर घेतलं आणि टोक उन्हाकडे धरलं. भिंतीशी बसलेल्या बायकांनी कागद खाली ठेवले.

“जिना. मिशीवाला. मिशीवाला गेला,” चारिंग सांगू लागली. “आता खोली. खिडकी. खिडकीत एक बाई... अगंबाई, आलिंग, तुम्ही! तुम्हीच! काय सुंदर होता हो!”

“मला सोड. कडेवर कोण आहे?”

“आहे. मूल आहे. पांढरं झबलं. केस काळेभोर, दाट. तोंड तुमच्या खांद्यात आहे.”

“हं. पुढं.”

“अजून खांद्यातच. अजून... आता हललं. मान वळवतेय! कान दिसला. कानात डूल आहे इवलासा.”

“माझ्या आईचे डूल.” इदांगने दोन्ही हात छातीशी घट्ट धरले होते. “पुढं, पुढं.”

“गालाची कड आली. थोडी अजून. अजून थोडी... आता नाकाचा शेंडा येणार असं वाटतंय...”

आणि चारिंग थांबली.

“काय गं? आली का?”

“हात आला.”

“कुणाचा?”

“तुमचाच. डोक्यामागं आलाय.” चारिंगने फीत पुढे सरकवली. “तोंड पुन्हा खांद्यात गेलं.”

“बरं, असू दे. पुढं बघ. पुन्हा वळेल ती. एक क्षण गप्प बसायची नाही.”

“वळतेय... हो, वळतेय. कान. डूल. गाल...” चारिंगचा आवाज बारीक होत गेला. “हात.”

मालकाने आतून घड्याळजीची काच आणली, डोळ्याला लावायची. ती त्याने इदांगच्या हातात दिली. इदांगने काच लावली, फीत घेतली, आणि आता स्वतः बघितलं.

खिडकीतून ऊन येत होतं. त्या उन्हात ती रडत होती, आणि इतकं देखणं ती पुढे आयुष्यात कधी रडली नाही. गालावरचा एकेक थेंब मोजून घ्यावा असा. आणि तिच्या खांद्यावर ते काळंभोर डोकं, कॅमेऱ्याच्या फिरत्या मुठीची खडखड कुठून येतेय ते बघायला पुन्हा पुन्हा वळणारं. आणि दर वेळी तिचाच हात, लांब बोटांचा, शांत, आईच्या मायेने ठेवल्यासारखा. पण काचेतून बघितलं तर बोटांची टोकं केसांत रुतलेली स्पष्ट दिसत होती.

तिला आठवलं. नाटक मंडळीतल्या थोरल्या नटीने शिकवलं होतं ते. मूल हातात असलं की लोक मुलाकडेच बघतात, तुझ्याकडे कुणी ढुंकून बघणार नाही. तेव्हा त्याचं तोंड खांद्यात घालायचं, म्हणजे सगळा उजेड तुझा. तिने सगळा उजेड घेतला होता. डॉन अन्सेल्मो कॅमेऱ्यामागून “वा, वा!” म्हणाले होते आणि लुमिंग गुदमरून चिडली होती.

पुढे आणखी दोनदा मान वळली. दोन्ही वेळा हात आला. मग फीत संपली.

“माझ्यामुळं झालं,” चारिंग हुंदके देत होती. “मी धुतलं त्यातच असेल तिचं तोंड. मी बघायला हवं होतं. माझ्याच हातांनी...”

“नाही गं.”

“तुम्हाला काय माहीत? एवढ्या सगळ्या धुतल्या मी!”

“त्यातही नव्हतं,” इदांग म्हणाली. “सगळ्यात मी अशीच उभी होते. माझं काम चोख असायचं.” तिने चारिंगच्या गालावरून ओल्या हाताची पाठ फिरवली. “शेजारणी चांगल्या होत्या बिचाऱ्या, लुमिंग दिसली म्हणाल्या. घे, बिबिंगका खा. थंड होईल.”

मालक खाकरला. “आलिंग, ते ठेवा तुम्ही. घरी न्या. पिपाण्यांना पुष्कळ आहे दुसरं.”

“काय करू नेऊन? माझंच तोंड आहे सगळ्यात.”

पण तिने ते टबात टाकलं नाही. अंगणाच्या कोपऱ्यात, जिथे ऊन नीट येत होतं तिथे, ती पालथ्या पिंपावर बसली. बांबूची एक बारीक काडी घेतली, टोकाला कापूस गुंडाळला, सोड्याच्या पाण्यात बुडवून निथळला. मग काच डोळ्याला लावून फितीचं पहिलं टोक मांडीवर घेतलं आणि त्या इवल्याशा चित्रातला हात पुसायला लागली. फक्त हात. केसांना धक्का लागू नये म्हणून श्वास रोखून.

बायका पुन्हा कागद चिकटवायला लागल्या. कुणीतरी तयार पिपाणी तपासायला फुंकली, आणि दुसरीने तिला गप्प केलं.

हाताच्या जागी तांदळाच्या दाण्याएवढं काचेसारखं लख्ख झालं. त्याखाली काहीच नव्हतं. पलीकडचं नुसतं ऊन दिसत होतं. इदांगने ते थोडा वेळ बघितलं, कापूस पुन्हा बुडवला, आणि पुढची चौकट घेतली.